वाचक विचारतात: पणजी पायी बघावी का, आणि कुणाबरोबर?

पणजीतल्या मळा नावाच्या भागात माझं घर. शाळेत इतिहास शिकवण्यात नोकरी सरली. निवृत्त झाल्यापासून गेली नऊ वर्षं पाहुण्यांना पणजी पायी हिंडून दाखवते. एका वेळी एकच कुटुंब, फार तर दोन. या महिन्यात आलेली बहुतेक पत्रं पणजीबद्दलची होती, म्हणून संपादकांनी ती माझ्याकडे सोपवली. जमेल तशी उत्तरं देते.

प्रश्न: डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात आम्ही गोव्याला येतोय. मी, आमचे हे आणि बारावीतला मुलगा. ह्यांचं म्हणणं, पणजी केवढीशी! गाडीतून अर्ध्या तासात बघून होते, तिथे तीन तास चालायला स्वतंत्र गाईड कशाला? मला मात्र एकदा नीट समजून घेऊन बघायची आहे. खर्च करावा का? (एक वाचक भगिनी, सांगली)

तुमचे यजमान म्हणतात ते खरं आहे, पणजी लहानच आहे. २०११ च्या जनगणनेत शहराची वस्ती ४० हजारांच्या आसपास होती. जुन्या सचिवालयापासून चर्चपर्यंत आणि तिथून फोंतेन्हास या जुन्या वस्तीच्या गल्ल्यांपर्यंत कुठेही न थांबता चाललात तर वीस-पंचवीस मिनिटं लागतील. गाडीतून हे सगळं खिडकीबाहेर सर्रकन निघून जातं. रंगीत घरं, पांढरं चर्च, नदीतल्या कॅसिनोच्या बोटी, आणि संपलं.

पण गाडीतून न दिसणारी एक गोष्ट आहे, आणि मी लोकांना तीच दाखवायला बाहेर पडते. पणजी ही उचलून आणलेली राजधानी आहे. पोर्तुगिजांची मूळ राजधानी इथून नऊ-दहा किलोमीटरवर, आज आपण जुने गोवे म्हणतो तिथे. साथीच्या रोगांनी ते शहर पोखरलं, लोक सोडून जायला लागले. १७५९ साली व्हाइसरॉय पणजीत आदिलशाही वाड्यात राहायला आला आणि १८४३ साली पणजी रीतसर राजधानी झाली. नाव ठेवलं नोव्हा गोवा, नवं गोवं. नवं शहर उभं करताना जुन्या, ओस पडलेल्या शहरातलं सामान इथे आणलं. ते सामान आजही जागोजाग आहे. कुणीतरी बोट ठेवून दाखवावं लागतं, एवढंच.

चर्चच्या कपाळावर जी मोठी घंटा दिसते ती घ्या. जुन्या गोव्यातल्या ऑगस्टिनियन मठाची ती घंटा. मठ ओस पडल्यावर ती आधी आग्वाद किल्ल्यावरच्या दीपगृहात गेली आणि १८७१ साली इथे आली. गोव्यात हिच्याहून मोठी घंटा एकच, जुन्या गोव्याच्या से कॅथेड्रलमधली. आता आझाद मैदानात चला. मधल्या मंडपाचे खांब नीट बघा. तेही जुन्या गोव्यातल्या डोमिनिकन चर्चच्या पडझडीतून आणलेले. मंडपात पूर्वी गोवा जिंकणाऱ्या पोर्तुगीज आल्बुकेर्कचा पुतळा होता, तो आता जुन्या गोव्याच्या संग्रहालयात आहे. आज त्या जागी गोवा मुक्तिलढ्यातले त्रिस्तांव ब्रागांझा कुन्हा यांचं स्मारक आहे. म्हणजे खांब जुन्या गोव्यातून इकडे आले आणि पुतळा तिकडे परत गेला. नगरपालिकेच्या बागेतल्या खांबावर वास्को द गामाचा अर्धपुतळा होता, तिथे आता अशोकस्तंभाचे सिंह आहेत. मी पाहुण्यांना त्या खांबाखाली दोन मिनिटं नुसतं उभं करते. मुक्तीचा दिवस १९ डिसेंबर १९६१ हे पाठ असतं सगळ्यांना. त्या दिवसानंतर एका गावात नेमकं काय काय बदललं असेल, हे तिथे मान वर केल्यावर कळतं.

सगळ्यात शेवटी मी फोंतेन्हासमधल्या सेंट सेबॅस्टियन चॅपेलशी नेते. दिवसभर उघडं नसतं, म्हणून वेळ बघून जावं लागतं. आतला क्रूस जुन्या गोव्यातल्या इन्क्विझिशनच्या, म्हणजे धर्मद्रोहाचे खटले चालवणाऱ्या न्यायासनाच्या, वाड्यातला. एरवी क्रूसावरच्या येशूची मान झुकलेली आणि डोळे मिटलेले असतात. इथे मान ताठ आहे आणि डोळे सताड उघडे आहेत. १५६० ते १८१२, मधली थोडी वर्षं सोडली तर अडीचशे वर्षं ते न्यायासन गोव्यात चाललं, आणि ज्यांना समोर उभं केलं त्यांच्यावर हे डोळे रोखलेले असायचे. दाराशी उभं राहून आत बघितलं की अंधाराला नजर सरावायला थोडा वेळ लागतो. आधी मेणबत्त्या दिसतात, मग लाकडाचा काळा उभा आकार, आणि मग ते दोन पांढरे ठिपके. माझ्याबरोबरचा माणूस त्या क्षणी गप्प होतो. मीही काही बोलत नाही.

आता स्वतंत्र गाईड का, ते सांगते. वीस जणांच्या घोळक्याबरोबरही हीच ठिकाणं बघता येतात, पैसेही कमी लागतात. पण घोळका थांबत नाही. काही वर्षांपूर्वी कोल्हापूरकडचं एक कुटुंब आलं होतं. बरोबर ऐंशीच्या घरातले आजोबा. चालायला निघाल्यावर दहा मिनिटांनी त्यांनी हळूच सांगितलं, की १९५५ च्या सत्याग्रहात ते सीमा ओलांडून गोव्यात शिरले होते. पोर्तुगीज पोलिसांनी मारून मारून परत सीमेपलीकडे टाकलं. म्हणाले, "बाई, पणजीला जायचं म्हणून निघालो होतो. पोचतोय आज." त्या दिवशी मी आखलेलं सगळं सोडून दिलं. फोंतेन्हास नाही, चर्च नाही. आम्ही कांपालला नदीकाठी गेलो. तिथून मांडवीच्या मुखाशी आग्वादचं टोक दिसतं. नानासाहेब गोरे, मधू लिमये यांना पोर्तुगिजांनी आग्वादच्याच तुरुंगात ठेवलं होतं. आजोबा तासभर त्या टोकाकडे बघत बसले, मधेच एखादं नाव घ्यायचे, आपल्या तुकडीतल्या कुणाचं. नातू शेजारी बसून ऐकत होता. घरात त्याने हे कधीच ऐकलं नव्हतं.

म्हणून गाईडला पैसे ठरवताना ठिकाणांची यादी मोजू नका. "दोन तासांत चौदा पॉइंट" असं कुणी सांगितलं तर नको म्हणा. तुम्हाला काय आवडतं ते आधी सांगा. तुमच्या मुलाला विज्ञानाची गोडी असेल तर जुन्या सचिवालयाशेजारच्या पुतळ्यापाशी पंधरा मिनिटं द्यायला सांगा. तो आबे फारियाचा पुतळा. १७५६ साली कांदोळीला जन्मलेला हा पाद्री पुढे पॅरिसला गेला. संमोहनात कुठलीही चुंबकीय शक्ती नसते, समोरच्याच्या मनाला दिलेली सूचना काम करते, हे त्याने तिथे मांडलं. पुतळा १९४५ सालचा, शिल्पकार आपले मडकईचे रामचंद्र पांडुरंग कामत. फारियाची एक गोष्ट गोव्यात घरोघर सांगतात. लिस्बनला राणीसमोर प्रवचन द्यायला उभा राहिला आणि घाबरून शब्द फुटेना. तेव्हा मागून बापाने कोकणीत हळूच म्हटलं, "ही सगळी भाजी, कातर रे भाजी." समोर बसलेत ते सगळे भाजीपाल्यासारखे समज आणि काप! पोराची भीती गेली. बारावीच्या मुलाला परीक्षेआधी ही गोष्ट जरूर ऐकवा.

एक सूचना. ८ डिसेंबरला चर्चचं फेस्त असतं. त्या दिवसांत चर्चच्या आसपास दुकानं लागतात, गर्दी होते. तुम्हाला फेस्त बघायचं असेल तर उत्तम, शांतपणे चालायचं असेल तर दोन-तीन दिवस अलीकडे-पलीकडे या.

प्रश्न: गाईड चांगला आहे की नाही, हे आधी कसं ओळखायचं? गेल्या वर्षी आम्हाला एकाने पाठ केलेलं भाषण ऐकवलं आणि शेवटी ओळखीच्या काजूच्या दुकानात नेऊन बसवलं. (एक वाचक, नाशिक)

पर्यटन खात्याकडे नोंदणी आहे का, हे आधी विचारा, ओळखपत्र बघा. त्यात संकोच करू नका, प्रामाणिक माणसाला राग येत नाही. पैसे माणशी की सगळ्यांचे मिळून, किती तास, मधे वेळ वाढला तर काय, दुकानात जायचं की नाही, हे फोनवरच स्पष्ट बोलून घ्या. दुकानाला "नको" म्हणायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे.

आणि एक प्रश्न विचारून बघा: फोंतेन्हास युनेस्कोच्या यादीत आहे का? पुष्कळ जण ठासून "हो, १९८४ पासून" म्हणतील. कितीतरी ठिकाणी तसंच छापलंही गेलंय. पण युनेस्कोच्या जागतिक वारशात आहेत ती जुन्या गोव्यातली चर्चेस आणि मठ, १९८६ सालापासून. फोंतेन्हासचं नाव त्यात नाही. तो भाग जपण्यासारखा आहे, त्यासाठी खोट्या बिरुदाची गरज नाही. जो माणूस तुम्हाला हे नीट सांगेल त्याच्याबरोबर निर्धास्त जा. बाकीच्या गोष्टीही त्याने तपासून घेतलेल्या असतील.

माझ्या मते त्या गावात राहणारा गाईड सगळ्यात चांगला. पाठांतर कुणीही करतो. पण कुठल्या घरातली आजी दुपारी खिडकीत बसते, कुठल्या विहिरीचं पाणी मेपर्यंत पुरतं, हे राहणाऱ्यालाच ठाऊक.

प्रश्न: माझ्या आईला ७२ वर्षं झालीत, गुडघे दुखतात. तीन तास चालणं झेपेल का? (एक वाचक, ठाणे)

झेपेल, पण वाट आधी नीट ठरवा. सचिवालय, चर्चचा चौक, आझाद मैदान आणि फोंतेन्हासचा खालचा भाग हे सगळं सपाटीवर आहे. चढ आहे तो आल्तिनोचा आणि मारुतीच्या देवळाचा, तो आईंसाठी सोडून द्या. चर्चचा नागमोडी जिना खालूनच बघा. समोरच्या बाकावर बसून तो जास्त छान दिसतो, कारण सगळी घडी एकदम नजरेत येते. मूळ चर्च १५४१ चं, आजचं रूप १६१९ चं, जिना मात्र एकोणिसाव्या शतकातला.

माझी एक चूक सांगते, म्हणजे तुम्ही ती करणार नाही. सुरुवातीच्या काळात एप्रिल महिन्यात, सकाळी साडेअकराला, मी एका कुटुंबाला आल्तिनो चढवून नेलं. त्यांच्या आजींना अर्ध्या वाटेत घेरी आली. एका घरच्या बाईंनी आम्हाला बाल्कांवात, म्हणजे दारापुढच्या बसायच्या ओसरीत, बसवलं, कोकमाचं सरबत आणि ओला टॉवेल दिला, तेव्हा त्या सावरल्या. मला त्या दिवशी रात्री झोप लागली नाही. तेव्हापासून मी सकाळी साडेसातला निघते, साडेदहाला संपवते. उन्हाळ्यात त्याच्याही आधी. दर अर्ध्या तासाला बसायची जागा वाटेत हवीच. स्वतंत्र गाईड घेतल्याचा खरा उपयोग इथेही होतो: आईंनी "आता पुरे" म्हटलं की तिथेच थांबता येतं, कुणाचा खोळंबा होत नाही.

पावसाळ्यात येणार असाल तर पायात धरून राहणारे बूट घाला. आमच्याकडच्या पायऱ्या चिऱ्याच्या, म्हणजे जांभ्या दगडाच्या. त्यावर शेवाळ चढलं की तरण्याचाही पाय घसरतो.

प्रश्न: लग्नाआधीचे फोटो फोंतेन्हासमध्ये काढायचे आहेत. गाईड बरोबर असेल तर घरांच्या पायऱ्यांवर बसून काढता येतील का? (पुण्याहून एक जोडपं)

नाही. ती माणसांची राहती घरं आहेत. दार उघडून दूध घ्यायला आलेल्या बाईंना आपल्याच पायरीवर अनोळखी जोडपं आणि चार दिव्यांचे स्टँड दिसावेत, हे रोज रोज घडतं आमच्या भागात. काही घरांवर आता "फोटो काढू नका" अशा पाट्या लागल्यात आणि त्या मनस्तापातून लागल्यात. गाईडला घरमालकाच्या वतीने परवानगी देता येत नाही. घरमालकाला विचारा, तो हो म्हणाला तर आनंदाने काढा, नाही म्हणाला तर पुढे चला.

आणि कॅमेरा बाजूला ठेवून एकदा त्या घरांच्या खिडक्या जवळून बघा. जुन्या खिडक्यांत काच नसते. चौकटीच्या बारीक पट्ट्यांमध्ये तळहाताएवढे पातळ शिंपले बसवलेले असतात, एकावर एक सरकवून. सकाळचं ऊन त्यातून येतं ते दुधासारखं होऊन येतं, आतल्या खोलीत उजेड पडतो पण झळ लागत नाही. एखादा शिंपला निखळला की आता बदलून देणारे कारागीर मिळत नाहीत, तिथे पत्रा नाहीतर काच लागते. आमच्या गल्लीत एका खिडकीत मी मोजले, सत्तावीस शिंपले आणि तीन काचा. गेल्या पावसाळ्याआधी काचा दोन होत्या.

प्रश्न: मराठीतून सांगणारा गाईड मिळतो का? आमचे सासरे इंग्रजी भाषणाला कंटाळतात. (एक वाचक भगिनी, जळगाव)

मिळतो, पण आधी मागावं लागतं. गोव्यातल्या पुष्कळ गाईडांना मराठी उत्तम येतं. शाळा मराठीत झालेली असते, घरात मराठी वर्तमानपत्र येतं, देवळात भजन-कीर्तन मराठीत चालतं. पाहुणे हिंदी-इंग्रजीत सुरू करतात म्हणून तेही त्याच भाषेत बोलतात. फोनवर पहिलं वाक्य तुम्ही मराठीत बोला.

सासऱ्यांना महालक्ष्मीच्या देवळात जरूर न्या. १८१८ सालचं हे देऊळ. पोर्तुगीज अमलात पणजीत देऊळ बांधायला परवानगी मिळणं ही त्या काळात केवढी मोठी गोष्ट होती, हे जाणत्या माणसाकडून ऐका. आणि त्यांना राजकारणाची आवड असेल तर १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलाबद्दल विचारायला सांगा. गोवा महाराष्ट्रात विलीन व्हावा की वेगळा राहावा, यावर इथल्या लोकांनी मत दिलं आणि ३४ हजार मतांच्या फरकाने वेगळं राहायचं ठरलं. आमच्याच घरात दोन भाऊ दोन बाजूंना होते, एका ताटात जेवणारे. मराठी माणसाने गोव्यात येऊन हा विषय मोकळेपणाने ऐकावा असं मला फार वाटतं. ऐकताना वाद घालू नये, एवढीच विनंती.

प्रश्न: नाश्ता करून निघावं की चालून झाल्यावर करावा? (सांगलीच्याच भगिनींचा ताजा कलम)

चहा घेऊन निघा, पोटभर चालून झाल्यावर खा. साडेसातला मळ्यात शिरलात तर पोदेर सायकलवरून पाव विकत फिरत असतो. भोंगा ऐकू आला की थांबवा आणि एक गरम पोई घ्या. वरून कोंडा लागलेली, मधे पोकळ. हातात धरून चालता चालता खा. मग साडेदहाला बाजारातल्या कुठल्याही जुन्या हॉटेलात बसा आणि पातळ भाजी-पाव मागवा. बन्स हवे असतील तर गाईडला आधीच एक फोन करून दोन प्लेट बाजूला ठेवायला सांगायला सांगा, तोवर संपलेले असतात.